अर्थमंत्र्यांची खुर्ची



गेल्या वर्षी वर्गात एका मुलाने मला विचारले, "सर, अर्थमंत्री शब्दांचे अर्थ सांगतात का?" वर्ग हसला, पण त्याची चूक नव्हती. धड्याखाली आपण रोज 'शब्दार्थ' वाचतो. मराठीत 'अर्थ' म्हणजे मतलब आणि 'अर्थ' म्हणजे पैसाही. उर्दूत ज्यांना आपण वजीर-ए-मालियात म्हणतो, तेच मराठीतले अर्थमंत्री. त्यांच्या खात्यात शिरलात की जमा, खर्च, बाकी, वसूल, रक्कम, महसूल, हिशेब असे शब्द भेटतात. हे शब्द तुम्हांला नवे नाहीत.

दुसऱ्या मुलाने विचारले, "मग देशाच्या तिजोरीची किल्ली त्यांच्याच खिशात असते का?" नाही. आपल्या घटनेप्रमाणे संसदेच्या मंजुरीशिवाय सरकारी तिजोरीतून एक पैसाही काढता येत नाही. दरवर्षी अर्थमंत्री लोकसभेत अर्थसंकल्प मांडतात. कोणत्या करातून किती रक्कम येईल आणि ती कुठे खर्च करायची, याचा तो अंदाज असतो. रेल्वे, संरक्षण, शेती, शिक्षण अशी सर्व खाती आपापली मागणी अर्थ मंत्रालयाकडे पाठवतात. सगळ्यांना जास्त हवे असते, पैसा मात्र मोजकाच असतो. त्यामुळे या खुर्चीवर बसणाऱ्याला सर्वांत जास्त वेळा 'नाही' म्हणावे लागते.

हिंदुस्थानात अर्थसंकल्पाची पद्धत इंग्रजांनी 1860 मध्ये सुरू केली. 1857 च्या उठावानंतर सरकारची तिजोरी रिकामी झाली होती. ती भरण्यासाठी जेम्स विल्सन यांनी प्राप्तिकर बसवला. त्याच वर्षी कलकत्त्यात त्यांचा मृत्यू झाला. प्राप्तिकर मात्र आजही आहे.

फाळणीपूर्वीच्या हंगामी सरकारात अर्थखाते लियाकत अली खान यांच्याकडे होते. फेब्रुवारी 1947 मध्ये त्यांनी मांडलेल्या अर्थसंकल्पात मिठावरील कर रद्द झाला. याच करासाठी 1930 मध्ये गांधीजी दांडीपर्यंत चालत गेले होते. स्वतंत्र भारताचा पहिला अर्थसंकल्प 26 नोव्हेंबर 1947 रोजी आर. के. षण्मुखम चेट्टी यांनी मांडला. त्यांच्यानंतर जॉन मथाई आले. नियोजन आयोगाला मिळणारे अधिकार त्यांना पटले नाहीत आणि 1950 मध्ये त्यांनी राजीनामा दिला.

आता आपल्या महाराष्ट्राच्या माणसाकडे येऊ. चिंतामणराव देशमुख हे रायगड जिल्ह्यातले. रिझर्व्ह बँकेचे ते पहिले भारतीय गव्हर्नर. 1943 नंतरच्या नोटांवर चित्र इंग्लंडच्या राजाचे होते आणि सही देशमुखांची! 1950 मध्ये ते अर्थमंत्री झाले. त्यांच्या काळात इंपीरियल बँकेची स्टेट बँक झाली आणि आयुर्विम्याचा धंदा सरकारने आपल्याकडे घेतला. पण 1956 मध्ये मुंबई महाराष्ट्राला न देता केंद्राच्या ताब्यात ठेवण्याचे ठरू लागले. हे त्यांना मान्य नव्हते. त्यांनी भर लोकसभेत आपली बाजू मांडली आणि मंत्रिपद सोडले. हिशेबाच्या बाबतीत त्यांच्याकडे कोणी बोट दाखवले नव्हते, तरी ते गेले. मला हा राजीनामा सर्वांत मोठा वाटतो.

त्यांच्या जागी टी. टी. कृष्णम्माचारी आले. 1957 मध्ये आयुर्विमा महामंडळाने मुंदडा नावाच्या उद्योगपतीच्या कंपन्यांचे शेअर सव्वा कोट रुपयांच्या आसपास देऊन घेतले. हा पैसा लाखो विमेदारांचा होता. फिरोज गांधी यांनी लोकसभेत जाब विचारला. ते सत्ताधारी पक्षाचेच खासदार होते आणि पंतप्रधान नेहरूंचे जावईही! चौकशीचे काम मुंबई उच्च न्यायालयाचे मुख्य न्यायाधीश महंमद करीम छागला यांच्याकडे आले. छागलांनी चौकशी बंद खोलीत केली नाही. साक्षी लोकांसमोर झाल्या, लोकांनी गर्दी करून त्या ऐकल्या. सचिवाने केलेल्या कामाची जबाबदारी मंत्र्याला टाळता येत नाही, असा त्यांच्या अहवालाचा रोख होता. फेब्रुवारी 1958 मध्ये कृष्णम्माचारींनी राजीनामा दिला. अर्थसंकल्प तर तोंडावर आला होता. तो शेवटी नेहरूंनाच मांडावा लागला.

यानंतर या खुर्चीवर पुष्कळ जण बसले. मोरारजी देसाईंनी 10 अर्थसंकल्प मांडले. महाराष्ट्राचे यशवंतराव चव्हाण आणि मधू दंडवते हेही अर्थमंत्री होऊन गेले. निर्मला सीतारामन 2019 मध्ये या पदावर आल्या. केवळ हे खाते पूर्ण वेळ सांभाळणाऱ्या त्या पहिल्या महिला.

पण सर्वांत कठीण दिवस आले ते 1991 मध्ये. परदेशातून तेल व इतर माल आणायला डॉलर लागतात, आणि आपल्याजवळ जेमतेम काही आठवडे पुरतील एवढेच उरले होते. घरात अडचण आली की आई बांगड्या गहाण ठेवते, हे तुमच्यापैकी काहींनी पाहिले असेल. देशानेही तेच केले. त्या वर्षीच्या जुलै महिन्यात रिझर्व्ह बँकेचे सुमारे 47 टन सोने तारण म्हणून विमानाने परदेशी गेले. बातमी फुटली तेव्हा लोकांना फार वाईट वाटले. नवे अर्थमंत्री डॉ. मनमोहन सिंग यांना खुर्चीवर बसून महिनाही झाला नव्हता. 24 जुलै 1991 रोजी ते लोकसभेत अर्थसंकल्प घेऊन उभे राहिले, तेव्हा सगळ्या देशाला सोन्याची ही गोष्ट ठाऊक झाली होती.