राज्य गेल्यावर उरलेले बडोदे

अहमदाबादहून बडोद्याला येताना छाणी हे शहराचे उत्तरेकडचे तोंड. पूर्वीचे हे स्वतंत्र गाव आता शहरात मिसळून गेले आहे. इथली देरासरे म्हणजे जैन मंदिरे, हस्तलिखितांचे ज्ञानभांडार आणि घराघरांतून दीक्षा घेतलेले साधू-साध्वी यांमुळे गुजराती जैन छाणीचे नाव आदराने घेतात. गावाला लागूनच १९६२ साली स्थापन झालेल्या गुजरात स्टेट फर्टिलायझर्सचा कारखाना आणि त्याची वसाहत आहे. थोडे पुढे कोयलीची रिफायनरी. या कारखान्यांनी देशभरातून माणसे आणली, त्यांत मराठीही आली. त्यामुळे बडोद्यात दोन प्रकारचे मराठी लोक भेटतात. एक गायकवाडांच्या फौजेबरोबर आलेल्यांचे वंशज आणि दुसरे नोकरीसाठी आलेले. पहिल्यांच्या बोलण्यात वाडा येतो, दुसऱ्यांच्या बोलण्यात क्वार्टर. दोघांनाही प्रश्न मात्र एकच पडतो: आपल्यातले मराठीपण पुढच्या पिढीत किती उतरेल?

हा प्रश्न जगातल्या पुष्कळ समाजांनी झेलला आहे. एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धापासून लेबनॉनच्या डोंगरातली माणसे आधी तिथल्या रेशमाच्या धंद्याच्या ओढाताणीमुळे आणि पुढे पहिल्या महायुद्धातल्या भीषण दुष्काळामुळे बाहेर पडली. ब्राझील, अर्जेंटिना, मेक्सिको, अमेरिका, पश्चिम आफ्रिका अशी ती पांगली. ब्राझीलमध्ये खांद्यावर गाठोडे घेऊन गावोगाव कापड आणि किरकोळ वस्तू विकण्यापासून अनेकांनी सुरुवात केली. आज लेबनॉनमध्ये राहणाऱ्यांपेक्षा लेबनीज वंशाची माणसे बाहेर जास्त आहेत. खलील जिब्रान बशर्री गावचा. १८९५ मध्ये तो लहान वयातच आईबरोबर बोस्टनला गेला आणि १९२० साली न्यूयॉर्कमध्ये अरबी लेखकांच्या मंडळाचा अध्यक्ष झाला. परदेशात बसून त्या मंडळींनी अरबी साहित्याला नवे वळण दिले. त्यांची नातवंडे मात्र बहुतेक इंग्रजीत किंवा पोर्तुगीजमध्ये वाढली. अरबी भाषा घरातून गेली, पण किब्बे हा लेबनीज पदार्थ ब्राझीलच्या कोपऱ्याकोपऱ्यावरच्या उपाहारगृहांत राहिला. साओ पावलोत सीरियन-लेबनीज स्त्रियांनी १९२१ साली संस्था काढली, तिच्यातून उभे राहिलेले रुग्णालय आज साऱ्या ब्राझीलचे आहे.

बडोद्याची कथा उलट्या टोकाने सुरू होते. आमची माणसे गाठोडे घेऊन नव्हे, घोड्यावर बसून आली. पिलाजीराव गायकवाडांचे घराणे पुणे जिल्ह्यातल्या खेडजवळच्या दावडीचे. सोनगड हे त्यांचे गुजरातेतले पहिले भक्कम ठाणे. १७३२ मध्ये डाकोरला पिलाजींचा खून झाला, तरी दोनच वर्षांत बडोदे गायकवाडांच्या हाती कायमचे आले. मागोमाग सरदार, शिलेदार, कारकून, पुराणिक, वैद्य, आचारी, कारागीर आले. रावपुरा, दांडिया बाजार, बाबाजीपुरा, वाडी या भागांत मराठी वस्ती रुजली. १८४९ ते १८५४ या काळात दिवाण असलेल्या भाऊ तांबेकरांच्या वाड्यात भिंतीभर चित्रे आहेत: कृष्णलीला, महाभारत आणि त्यांच्यामध्ये इंग्रज-मराठ्यांची लढाईसुद्धा. वाडा आता पुरातत्त्व खात्याकडे आहे. बडोद्याला येणाऱ्या मराठी माणसाने राजवाडा पाहण्याआधी ही चित्रे पाहावीत, असे मला मनापासून वाटते. परमुलुखात घर बांधताना माणसाला कोणत्या गोष्टी डोळ्यांसमोर हव्याशा वाटल्या, ते इथे भिंतीवर दिसते.

राज्यकर्त्यांच्या समाजाला एक धोका असतो. तो आपल्यातच राहतो आणि सत्ता गेली की एकटा पडतो. बडोद्यात तसे पूर्ण घडले नाही, याचे मोठे श्रेय सयाजीराव तिसरे यांना जाते. नाशिक जिल्ह्यातल्या कवळाण्याचा हा शेतकऱ्याचा मुलगा. १८७५ साली महाराणी जमनाबाईंनी त्यांना दत्तक घेतले, तेव्हा ते बारा वर्षांचे होते आणि त्यांना लिहिता-वाचता येत नव्हते. त्यानंतर त्यांना मराठीबरोबर गुजराती, उर्दू आणि इंग्रजी शिकवली गेली. १८९३ मध्ये अमरेलीत सक्तीचे मोफत प्राथमिक शिक्षण सुरू करून १९०६ मध्ये त्यांनी ते राज्यभर नेले. ग्रंथालय व्यवस्थेसाठी १९१० साली अमेरिकेहून ग्रंथपाल बॉर्डन यांना बोलावले आणि फिरत्या ग्रंथालयांच्या पेट्या खेड्यांपर्यंत धाडल्या. ही मराठी राजाची कामे, पण त्यांचा लाभ घेणारी बहुसंख्य प्रजा गुजराती होती. १९३१ साली निघालेला ‘सयाजी शासन कल्पतरु’ हा राज्यकारभाराचा कोश गुजराती आणि मराठीसह आठ भाषांत आहे. आपली भाषा सोडायची नाही आणि प्रजेची भाषा डावलायची नाही, हे धोरण त्या एका ग्रंथात स्पष्ट दिसते.

बडोद्याने महाराष्ट्राला काय दिले, याचा हिशेब मराठी वाचकाने अजून नीट मांडलेला नाही. दादासाहेब फाळके इथल्या कलाभवनात शिकले. बाबासाहेब आंबेडकर १९१३ साली कोलंबियाला गेले ते बडोद्याच्या शिष्यवृत्तीवर. आणि याच शहराने १९१७ साली त्यांना राहायला खोली दिली नाही, हेही त्याच इतिहासाचे पान आहे. ते वगळून बडोद्याचा गौरव करणे मला मान्य नाही. कमाटीबागेत ज्या झाडाखाली ते व्यथित होऊन बसले, ती जागा आज संकल्पभूमी म्हणून ओळखली जाते. दांडिया बाजारात खासेराव जाधवांच्या घरी अरविंद घोष राहिले. १९०८च्या जानेवारीत सरदार मुजुमदारांच्या वाड्यात विष्णु भास्कर लेले या मराठी योग्याबरोबर ते तीन दिवस ध्यानाला बसले. किराणा घराण्याच्या हिराबाई आपल्या नावापुढे ‘बडोदेकर’ लावत, कारण आई ताराबाई माने बडोद्याच्या. तिथल्या दरबारचे गायक अब्दुल करीम खाँ यांच्याशी लग्न करून ताराबाईंनी बडोदे सोडले, लेकीने मात्र गावाचे नाव आयुष्यभर बाळगले.

बडोद्याची आणखी एक हकिकत मला फार मोलाची वाटते. सयाजीरावांची पहिली राणी चिमणाबाई तंजावरच्या मोहिते घराण्यातली. म्हणजे कावेरीकाठी दोन शतके रुजलेल्या मराठी कुटुंबातली मुलगी १८८० साली विश्वामित्रीकाठच्या मराठी कुटुंबात आली. महाराष्ट्राबाहेरच्या दोन मराठी जगांची ही सोयरीक. तिच्याबरोबर तंजावरच्या नर्तकीही आल्या. त्यांतल्या कांतिमतींचे चिरंजीव कुबेरनाथ तंजोरकर यांनी पुढे बडोद्यातच भरतनाट्यम शिकवले. राणी १८८५ मध्ये अकाली गेली. रावपुऱ्यातल्या मनोऱ्याला आणि न्यायमंदिराला तिचे नाव दिले गेले, पण नाच शिकणाऱ्या मुलींच्या पिढ्या हे तिचे अधिक जिवंत स्मारक आहे.

१ मे १९४९ रोजी बडोदे संस्थान मुंबई राज्यात विलीन झाले. ११ वर्षांनी, पुन्हा १ मे रोजीच, गुजरात वेगळे झाले आणि बडोद्याचे मराठी लोक एका रात्रीत भाषिक अल्पसंख्य ठरले. राजाश्रय गेला. तरीही काय टिकले? जे गुजरात्यांनी आपलेसे केले, ते. सेव-उसळ घ्या. मराठी उसळीवर सेव पडली, तर्री आली, पाव आला आणि बडोद्याची ती ओळख झाली. मेक्सिकोत लेबनीज लोकांनी नेलेल्या शवर्म्याचा ‘अल पास्तोर’ टाको झाला, तशीच ही वाटचाल. भाकरवडीही इथल्या फरसाणवाल्यांकडे लिल्या चिवड्याशेजारी असते. गणेशोत्सव गल्लोगल्ली होतो आणि नवरात्रात मराठी घरातल्या मुली गरब्याला जातात. विठ्ठलनाथांच्या वरघोड्यासाठी, म्हणजे मिरवणुकीसाठी, एकादशीला मांडवीत जमणाऱ्या गर्दीत कोण कुठल्या भाषेचे, हे कुणी विचारत नाही. क्रिकेटमध्ये विजय हजारे, दत्ताजीराव आणि अंशुमान गायकवाड, किरण मोरे ही नावे बडोद्याची म्हणूनच घेतली जातात.

साहित्याचे नाते वेगळ्या धाटणीने टिकले. मराठी साहित्य संमेलन इथे १९०९, १९२१ आणि १९३४ साली भरले. मग ८४ वर्षांची पोकळी. २०१८ मध्ये लक्ष्मीकांत देशमुख अध्यक्ष असताना ते पुन्हा बडोद्यात आले, ते मराठी वाङ्मय परिषदेच्या चिवट कामामुळे. महाराष्ट्रातून आलेल्या अनेकांना इथे इतके मराठी वाचक आहेत याचे आश्चर्य वाटले. ते आश्चर्य मला बोचते. पुण्या-मुंबईच्या नकाशात आम्ही नसतो, हे त्यातून कळते.

केवळ आपलेच असलेले मात्र निसटत चालले आहे. संस्थानचे मोडी दप्तर सरकारी दफ्तरखान्यात रुमालांत बांधलेले आहे. त्यातले निवडक कागद छापून निघाले, पण बाकीचा मोठा भाग मोडी वाचणाऱ्याची वाट पाहतो आहे. सेव-उसळ गुजराती माणूस राखील, ग्रंथालय विद्यार्थी राखतील. मोडी कागद आमच्याशिवाय दुसरे कोण राखणार? वाडे विकले जाताना माळ्यावरच्या पेट्या रद्दीत जातात आणि त्यांत सनदा, जमाखर्च, लग्नाच्या याद्या, बायकांनी माहेरी लिहिलेली पत्रे असू शकतात. जुन्या बडोद्यातल्या आणि छाणीकडच्या नव्या वसाहतींतल्या मराठी कुटुंबांनी हे कागद राखण्याच्या कामात एकत्र यायला हवे. मोडी काही महिन्यांच्या सरावाने वाचता येते आणि ती शिकवणारी माणसे अजून आहेत. सुट्टीचा वर्ग भरवायला एक खोली आणि दहा मुले पुरेत, आणि पहिला धडा म्हणून त्या मुलांपुढे त्यांच्याच पणज्याचा कागद ठेवता येईल.