मूकपटातील अंगविनोद : क्रेतिनेत्ती आणि ‘कालिया मर्दन’

मूकपटात उच्चारित शब्दाचे साहाय्य नसल्याने विनोदाचा बहुतेक भार नटाच्या शरीरावर पडे. धडपडणे, पाठलाग, आदळआपट, सोंग यांतून उत्पन्न होणाऱ्या हास्यास अंगविनोद म्हणता येईल.

इटलीत या प्रकारास १९०९ च्या सुमारास बहर आला. आन्द्रे दीद हा फ्रेंच नट तुरीन येथील इताला कंपनीच्या लघुपटांतून ‘क्रेतिनेत्ती’ या नावाने लोकप्रिय झाला. सर्कशीच्या घराण्यातील फेर्दिनान्द गीयोम प्रथम ‘तोन्तोलिनी’ व पुढे ‘पोलिदोर’ म्हणून गाजला. या पटांचा साचा बहुधा ठरलेला असे : नायक एखादे साधे काम अंगावर घेतो आणि त्यापायी घरदार, रस्ता, बाजार यांची दाणादाण उडते. क्रेतिनेत्तीच्या १९०९ मधील एका पटात त्याच्या रूपावर भाळलेल्या स्त्रिया त्याचे तुकडेतुकडे करतात. कॅमेऱ्याच्या करामतीने ते तुकडे पुन्हा जुळतात. शरीर मोडते, पण इजा होत नाही. म्हणूनच प्रेक्षक निःशंकपणे हसतो.

महाराष्ट्रात दादासाहेब फाळके यांचे नाव पौराणिक चित्रपटांशी इतके निगडित झाले आहे की, त्यांच्या विनोदाकडे सहसा दुर्लक्ष होते. वस्तुतः ‘पिठाचे पंजे’ हा छोटा विनोदपट त्यांनीच काढला होता. परंतु त्यांच्या विनोददृष्टीचा खरा पुरावा १९१९ च्या ‘कालिया मर्दन’मध्ये आढळतो. यात कृष्णाची भूमिका त्यांची बालवयीन कन्या मंदाकिनी हिने केली. आरंभीच तिच्या मुखावरील पालटते भाव प्रेक्षकांसमोर मांडले आहेत. पुढे कृष्ण रात्री एका श्रीमंताच्या शयनगृहात शिरून निद्रिस्त पतीची दाढी पत्नीच्या केसांना बांधतो. जागे होताच जी ओढाताण होते, ती क्रेतिनेत्तीच्या पटातही शोभली असती.

साम्य येथेच संपते. क्रेतिनेत्ती हा पोरकटपणे वागणारा प्रौढ आहे. त्याला आपल्या शरीरावर ताबा नाही. कृष्ण हे सर्व जाणणारे मूल आहे. ताबा सुटतो तो इतरांचा. म्हणूनच खोडी काढणारे तेच चपळ शरीर यमुनेत उडी घेऊन कालियाशी झुंजते, तेव्हा प्रेक्षकास विसंगती जाणवत नाही. हसणारा प्रेक्षक आता काठावरील शोकाकुल गोकुळवासीयांबरोबर श्वास रोखून पाहतो. येथे विनोद हा भक्तिकथेतील विरंगुळा नसून पराक्रमाची पूर्वतयारी आहे. तो वगळून केलेले फाळक्यांचे मूल्यमापन अपुरेच राहील.