ग्रासकटरचं पेट्रोल, जरा विचारून!

भाद्रपद सरत आला की मालवण-कुडाळकडच्या आंबा-काजूच्या बागांतून ग्रासकटरची घरघर सुरू होते. कामाला माणूस मिळत नाही, घरचे पुरुष नोकरीनिमित्त मुंबई-गोव्याला. मग बागेच्या साफसफाईचं बघणं बाईकडेच येतं. मशीन घेताना आपण चार दुकानं फिरतो. पण त्यात घालायचं काय, हे मात्र ‘पेट्रोल ता पेट्रोल, त्यात काय बघूचा?’ म्हणून सोडून देतो. आणि तिथेच हजारो रुपयांचं मशीन बसतं.

मैत्रिणींनो, दुकानदाराला पहिला प्रश्न विचारा : हे टू-स्ट्रोक की फोर-स्ट्रोक? टू-स्ट्रोकच्या इंजिनाला वंगणाची वेगळी सोय नसते. पेट्रोलमध्ये मिसळलेलं टू-टी ऑइल हेच त्याचं वंगण. ते विसरलं की पिस्टन जाम झालाच म्हणून समजा! प्रमाण माहितीपुस्तिकेत दिलेलं असतं. ४०:१ म्हणजे लिटरला २५ मि.ली., ५०:१ म्हणजे २० मि.ली. अंदाजाने ओतू नका, औषधाचं मापटं वेगळं ठेवा. तेल जास्त झालं तरी धूर होतो, प्लग काळा पडतो. फोर-स्ट्रोकमध्ये मात्र नुसतं पेट्रोल. इंजिन ऑइलचं झाकण वेगळं असतं.

दुसरी गोष्ट साठवणुकीची. २०२५ पासून पंपावर सर्रास २० टक्के इथेनॉलचं पेट्रोल मिळतं. तुमच्या मशीनला ते चालतं का, हे विक्रेत्याला जरूर विचारा. इथेनॉल हवेतला ओलावा ओढून घेतं आणि आपल्या किनाऱ्यावर ओलाव्याला काय तोटा? म्हणून आठवडाभर पुरेल एवढंच पेट्रोल आणा, तेवढंच मिसळा. काम संपलं की टाकी रिकामी करून, मशीन आपोआप बंद पडेपर्यंत चालवून मगच ठेवा. नाहीतर पुढच्या वर्षी कार्बोरेटर चिकटलेला सापडतो.

आणि हो, हे मिश्रण कोल्ड्रिंकच्या बाटलीत कधीच भरू नका. लाल टू-टी घातलेलं पेट्रोल अगदी कोकम सरबतासारखं दिसतं. घरात पोरंबाळं असतात! पेट्रोलचाच डबा वापरा, त्यावर ठळक अक्षरात लिहा, चुलीपासून लांब ठेवा. मशीन बंद करून, थंड झाल्यावरच टाकी भरा.

मिक्सर, शिलाई मशीन आपण सांभाळतोच ना? मग हेही जमेल. फक्त विचारायला लाजू नका!