लढाऊ क्षमता (पोकेमॉन गो)

लढाऊ क्षमता, अर्थात कॉम्बॅट पॉवर किंवा सीपी, हे पोकेमॉन गो या मोबाईल खेळातील प्रत्येक पोकेमॉनच्या चित्राच्या वर दिसणारे अंकात्मक मूल्य आहे. पोकेमॉनचे आक्रमण, संरक्षण व दम हे तीन गुण आणि त्याची पातळी यांवरून हे मूल्य काढले जाते. दोन पोकेमॉनची झटपट तुलना करण्यासाठी ते उपयोगी असले, तरी ते प्रत्यक्ष लढतीतील सामर्थ्याचे अचूक माप नाही. मोठ्या आकड्यामागे धावताना खेळाडूचा वेळ, साठवलेली साधने आणि कित्येकदा पैसाही खर्च होतो. त्यामुळे हा आकडा कसा बनतो व कोठे फसवा ठरतो, हे समजून घेणे महत्त्वाचे मानले जाते.

## पार्श्वभूमी

पोकेमॉन मालिकेतील पहिले खेळ १९९६ मध्ये जपानमध्ये प्रसिद्ध झाले. त्या खेळांत प्रत्येक पोकेमॉनला पाच स्वतंत्र गुण असतात. सीपी ही संकल्पना त्यांत नाही. नायँटिक या कंपनीने जुलै २०१६ मध्ये आणलेल्या पोकेमॉन गो या खेळात हे गुण तीनवर आणण्यात आले व त्यांचे एकत्रित दर्शन घडविणारा सीपी हा आकडा योजण्यात आला. भारतात हा खेळ डिसेंबर २०१६ मध्ये रिलायन्स जिओच्या सहकार्याने अधिकृतपणे उपलब्ध झाला. २०२३ मध्ये त्यात हिंदी भाषेची सोय झाली. नायँटिकचा खेळविभाग विकत घेण्याचा व्यवहार स्कोपली या कंपनीने २०२५ मध्ये जाहीर केला.

सीपीचे सूत्र खेळाच्या पडद्यावर कोठेही दिलेले नाही. खेळाडूंनी असंख्य नोंदी ताडून आणि खेळाच्या अंतर्गत माहितीसंचाचा अभ्यास करून ते शोधून काढले. २०१९ पासून खेळातील मूल्यांकनाच्या सोयीत तिन्ही वैयक्तिक मूल्ये पट्ट्यांच्या रूपात दिसू लागली. त्यापूर्वी सीपी, एचपी आणि पॉवर-अपचा खर्च यांवरून ही मूल्ये उलट गणिताने काढावी लागत.

## घटक

'''मूळ मूल्ये''' : ही प्रजातीनुसार ठरलेली असतात. पिकाचूचे मूळ आक्रमण ११२, संरक्षण ९६ आणि दम १११ आहे, तर म्यूटूची हीच मूल्ये अनुक्रमे ३००, १८२ आणि २१४ आहेत.

'''वैयक्तिक मूल्ये''' : एकाच प्रजातीच्या दोन पोकेमॉनमध्येही थोडा फरक असतो. प्रत्येक गुणात ० ते १५ या मर्यादेतील एक संख्या मिळविली जाते. खेळाडू या संख्यांना आयव्ही म्हणतात. प्रत्येक गुणासाठी १६ शक्यता असल्याने एकूण १६ × १६ × १६ म्हणजे ४,०९६ जुळण्या संभवतात. तिन्ही मूल्यांची बेरीज ४५ असलेल्या पोकेमॉनला मूल्यांकनात चार तारे मिळतात.

'''पातळी व गुणक''' : पोकेमॉनची पातळी १ पासून सुरू होते व प्रत्येक पॉवर-अपने अर्ध्याने वाढते. पॉवर-अपने ती ५० पर्यंत नेता येते. प्रत्येक पातळीला एक ठरावीक गुणक असतो. मूळ व वैयक्तिक मूल्यांच्या बेरजेला त्याने गुणले असता लढतीत वापरला जाणारा प्रत्यक्ष गुण मिळतो. एचपी हे अशा प्रकारे मिळालेल्या दमाचे, अपूर्णांक सोडून दिलेले, मूल्य होय.

## सूत्र

सीपी = (मूळ आक्रमण + वैयक्तिक आक्रमण) × √(मूळ संरक्षण + वैयक्तिक संरक्षण) × √(मूळ दम + वैयक्तिक दम) × गुणक² ÷ १०

उत्तरातील अपूर्णांक सोडून दिला जातो. उत्तर १० पेक्षा कमी आल्यास सीपी १० धरली जाते.

उदाहरणादाखल, तिन्ही वैयक्तिक मूल्ये १५ असलेला पातळी २० चा पिकाचू घेतल्यास आक्रमण १२७, संरक्षण १११ आणि दम १२६ होतो. पातळी २० चा गुणक ०.५९७४ आहे. त्यावरून १२७ × √१११ × √१२६ × ०.५९७४² ÷ १० हे गणित मांडल्यास सीपी ५३६ येते. याच पातळीवर तिन्ही वैयक्तिक मूल्ये शून्य असती, तर ती ४१२ आली असती.

याच सर्वोत्तम पिकाचूची निरनिराळ्या पातळ्यांवरील सीपी पुढीलप्रमाणे असते :

| पातळी | गुणक | सीपी |
|---|---|---|
| १ | ०.०९४० | १३ |
| १० | ०.४२२५ | २६८ |
| २० | ०.५९७४ | ५३६ |
| ३० | ०.७३१७ | ८०४ |
| ४० | ०.७९०३ | ९३८ |
| ५० | ०.८४०३ | १,०६० |

## पॉवर-अपचा खर्च

पॉवर-अपसाठी स्टारडस्ट आणि त्या प्रजातीची कँडी लागते. पातळी १ पासून ४० पर्यंत नेण्यास सामान्यतः एकूण २,७०,००० स्टारडस्ट व ३०४ कँडी लागतात. पातळी ४० पासून ५० पर्यंत आणखी २,५०,००० स्टारडस्ट आणि २९६ एक्सएल कँडी खर्च होतात.

हा खर्च सर्व टप्प्यांवर सारखे फळ देत नाही. पातळी ३० पर्यंत गुणकाचा वर्ग जवळजवळ समान गतीने वाढतो; त्यानंतर ती गती निम्म्यावर येते. वरील पिकाचूला पातळी २० वरून ३० वर नेण्यास ७५,००० स्टारडस्ट लागतात व सीपी २६८ ने वाढते. पातळी ३० वरून ४० वर नेण्यास मात्र १,५०,००० स्टारडस्ट लागतात आणि वाढ होते केवळ १३४ ची. म्हणजे खर्च दुप्पट, लाभ निम्मा; प्रत्येक स्टारडस्टमागील लाभ एकचतुर्थांश. म्हणूनच अनेक खेळाडू आपला संघ प्रथम पातळी ३० च्या आसपास आणतात आणि निवडक पोकेमॉनच त्यापुढे वाढवितात.

## आकड्याच्या मर्यादा

सूत्रात आक्रमण पूर्ण मोजले जाते, तर संरक्षण व दम यांचे वर्गमूळ घेतले जाते. त्यामुळे आक्रमक प्रजातींची सीपी फुगलेली दिसते आणि चिवट प्रजातींची तुलनेने कमी. ब्लिसीचा मूळ दम ४९६ इतका प्रचंड आहे, पण आक्रमण १२९ च असल्याने पातळी ५० लाही तिची सीपी ३,११७ च्या वर जात नाही. तरीही जिमचे रक्षण करणाऱ्या पोकेमॉनमध्ये ती सर्वांत चिवट गणली जाते.

याउलट उदाहरण स्लेकिंगचे आहे. पातळी ५० ला त्याची सीपी ५,०१० पर्यंत पोहोचते. म्यूटूची ४,७२४ पर्यंतच. परंतु यॉन ही स्लेकिंगची जलद चाल प्रतिस्पर्ध्याला कोणतीही इजा करीत नाही. चाली कोणत्या आहेत याची दखल सीपीचे सूत्र घेतच नाही, म्हणून हा दोष आकड्यात उमटत नाही.

प्रकारांचे परस्परसंबंधही सूत्राबाहेर राहतात. चालीचा प्रकार प्रतिस्पर्ध्यावर प्रभावी असेल, तर इजा १.६ पट होते. निष्प्रभ असेल, तर ०.६२५ पट. पोकेमॉन स्वतःच्याच प्रकारची चाल वापरीत असेल, तर इजा १.२ पट होते. या तुलनेत वैयक्तिक मूल्यांचा परिणाम अल्प असतो. म्यूटूचे वैयक्तिक आक्रमण १० ऐवजी १५ असल्यास एकूण आक्रमण ३१० वरून ३१५ वर जाते, म्हणजे सुमारे १.६ टक्के वाढते; योग्य प्रकारच्या चालीने मात्र इजा ६० टक्क्यांनी वाढते. रेडसाठी संघ निवडताना प्रथम प्रकार, मग चाली, त्यानंतर पातळी आणि शेवटी वैयक्तिक मूल्ये असा क्रम त्यामुळे सयुक्तिक ठरतो.

## लीगमधील इष्टतम मूल्ये

खेळाडूंमधील स्पर्धात्मक लढतींच्या ग्रेट लीगमध्ये सीपीची मर्यादा १,५०० आणि अल्ट्रा लीगमध्ये २,५०० आहे. मास्टर लीगच्या खुल्या प्रकारात मर्यादा नसते. मर्यादा घातलेल्या लीगमध्ये वैयक्तिक मूल्यांचा विचार उलटा होतो.

पातळीचा गुणक लावल्यानंतरचे आक्रमण, संरक्षण व दम यांना अनुक्रमे आ, सं आणि द म्हटल्यास सूत्रावरून पुढील संबंध मिळतो :

आ × सं × द = (१० × सीपी)² ÷ आ

सीपी १,५०० वर स्थिर धरली, तर उजवीकडील अंश स्थिर राहतो. म्हणजे आक्रमण जितके कमी, तितका तिन्ही गुणांचा गुणाकार मोठा.

दोन काल्पनिक पोकेमॉनवरून हे स्पष्ट होते. पहिल्याचे आक्रमण १००, संरक्षण १५० व दम १५० आहे. दुसऱ्याचे तिन्ही गुण अनुक्रमे १२५, १२० व १२० आहेत. दोघांचीही सीपी नेमकी १,५०० येते. चाली सारख्याच असल्या व प्रकारांचा परिणाम वगळला, तर एखादा पोकेमॉन किती काळ टिकेल हे त्याच्या संरक्षण व दम यांच्या गुणाकाराला प्रतिस्पर्ध्याच्या आक्रमणाने भागून समजते. पहिल्यासाठी २२,५०० ÷ १२५ = १८०, तर दुसऱ्यासाठी १४,४०० ÷ १०० = १४४. आकडे समान असूनही कमी आक्रमणाचा पोकेमॉन एकचतुर्थांश अधिक काळ टिकतो.

याच कारणाने ग्रेट लीगसाठी वैयक्तिक आक्रमण शून्याच्या जवळ आणि संरक्षण व दम १५ च्या जवळ असलेले पोकेमॉन अनेकदा श्रेष्ठ ठरतात. मूल्यांकनात कमी तारे मिळाले म्हणून नवखे खेळाडू नेमके हेच पोकेमॉन सोडून देतात. या नियमाला दोन अपवाद आहेत. ज्या प्रजातीची कमाल सीपीच मर्यादेपर्यंत पोहोचत नाही, तिच्यासाठी तिन्ही मूल्ये १५ असणेच चांगले. पिकाचू पातळी ५० लाही १,०६० वर थांबतो. तसेच दोन्ही बाजूंनी चार्ज चाल एकाच क्षणी वापरली गेल्यास अधिक आक्रमणाच्या पोकेमॉनची चाल आधी लागते, म्हणून काही खेळाडू जाणीवपूर्वक आक्रमण थोडे अधिक ठेवतात.

## चांगली वैयक्तिक मूल्ये मिळविण्याचे मार्ग

पोकेमॉन कोठून मिळाला, यावर त्याच्या वैयक्तिक मूल्यांची किमान मर्यादा ठरते. सर्वसाधारण जंगली पोकेमॉनला अशी मर्यादा नसते. रेड, अंडी व संशोधनकार्य यांतून मिळणाऱ्या पोकेमॉनमध्ये प्रत्येक मूल्य किमान १० असते. रेडमधून मिळणारा सर्वसाधारण पोकेमॉन पातळी २० चा, तर हवामानाचा लाभ असल्यास पातळी २५ चा असतो.

रेडमधून मिळणाऱ्या म्यूटूची सीपी त्यामुळे २,२९४ ते २,३८७ या दरम्यान असते. २१६ जुळण्यांपैकी एकच सर्वोत्तम असते. तिच्यातील व किमान जुळणीतील फरक सुमारे ४ टक्के भरतो. प्रीमियम बॅटल पासची किंमत १०० नाणी आहे आणि जिमच्या रक्षणातून दिवसाला जास्तीत जास्त ५० नाणी मिळू शकतात. उरलेली नाणी पैसे देऊन घ्यावी लागतात. एवढ्या अल्प फरकासाठी वारंवार पास विकत घेणे, हा या खेळातील अनावश्यक खर्चाचा एक ठळक प्रकार आहे.

अदलाबदल हा तुलनेने स्वस्त पर्याय आहे. अदलाबदलीत पोकेमॉनची वैयक्तिक मूल्ये नव्याने ठरतात. पोकेमॉन 'लकी' झाल्यास प्रत्येक मूल्य किमान १२ असते, म्हणजे ६४ पैकी एक जुळणी सर्वोत्तम असते. शिवाय त्याच्या पॉवर-अपला निम्मे स्टारडस्ट लागते. मात्र एकदा अदलाबदल झालेला पोकेमॉन पुन्हा देता येत नाही. नेहमीच्या अदलाबदलीसाठी दोन्ही खेळाडू एकमेकांपासून १०० मीटरच्या आत असावे लागतात. मीरा-भाईंदर शहरातील मीरा रोड पूर्वेच्या नया नगरसारख्या दाट वस्तीत शेजारच्या इमारतींतील खेळाडूंनाही ही अट सहज पाळता येते. विरळ वस्तीत त्यासाठी मुद्दाम भेटावे लागते.

## हवामानाचा प्रभाव

खेळातील हवामान खेळाडूच्या परिसरातील हवामानाच्या अंदाजावर आधारलेले असते. अनुकूल हवामानात त्या प्रकारच्या जंगली पोकेमॉनची पातळी ५ ने वाढते, म्हणजे कमाल पातळी ३० ऐवजी ३५ होते, आणि प्रत्येक वैयक्तिक मूल्य किमान ४ असते. रेड व जिममध्ये त्या प्रकारच्या चालींची इजाही २० टक्क्यांनी वाढते.

पाऊस पाणी, विद्युत व कीटक या प्रकारांना अनुकूल असतो. त्यामुळे मीरा-भाईंदरसह कोकण किनारपट्टीवर जून ते सप्टेंबर या काळात हे प्रकार विशेष लाभदायक ठरतात. पावसात सापडणारा सर्वोत्तम पिकाचू ८७१ सीपीचा असू शकतो. एरवी ती मर्यादा ८०४ असते. बर्फ व पोलाद या प्रकारांना हिमवृष्टी अनुकूल असते. ठाणे जिल्ह्यात हिमवृष्टी होत नसल्याने येथील खेळाडूंना या प्रकारांचे हिमवृष्टीमुळे अधिक पातळीचे झालेले जंगली पोकेमॉन स्थानिक परिसरात मिळत नाहीत. ती उणीव रेड, अदलाबदल किंवा पॉवर-अप यांतूनच भरून काढावी लागते.

## हे सुद्धा पहा

* पोकेमॉन
* पिकाचू
* मीरा-भाईंदर
* वर्गमूळ