सहा मितींचा स्फटिक

मिठाचा दाणा भिंगाखाली धरला, तर तो बहुधा एक चिमुकला घन असल्याचे आढळते. त्याच्या अंतर्भागात सोडियम व क्लोरीन यांचे अणू आळीपाळीने मांडलेले असतात आणि एकाच ठेवणीची पुनरावृत्ती तिन्ही दिशांना अखंड चालू असते. १९१२ साली माक्स फोन लौए यांच्या कल्पनेनुसार जर्मनीत क्ष-किरणांचा प्रयोग झाला. तेव्हापासून अशी पुनरावृत्ती हेच स्फटिकाचे लक्षण मानले जाऊ लागले.

पुनरावृत्तीने जागा भरावयाची म्हटली, की आकारांवर बंधने येतात. चौकोनी फरश्यांनी जमीन सहज झाकता येते, षट्कोनी फरश्यांनीही येते. पण सुसम पंचकोनाचा कोन १०८ अंशांचा असतो. असे तीन पंचकोन एका बिंदूभोवती ठेवले, तर ३२४ अंश भरतात व ३६ अंशांची फट उरते. तीत चौथा मावत नाही. म्हणूनच पाचपदरी संमिती, म्हणजे वर्तुळाच्या पाचव्या भागाइतके फिरवूनही रचना पूर्ववत दिसण्याचा गुण, स्फटिकांना अशक्य होय, असे पाठ्यपुस्तके सांगत असत. हे गणित तेव्हा खरे होते व आजही खरे आहे.

८ एप्रिल १९८२ रोजी डॅन शेख्टमन हे इस्रायली शास्त्रज्ञ अमेरिकेच्या राष्ट्रीय मानक संस्थेत अॅल्युमिनियम व मँगनीज यांचा एक मिश्रधातू इलेक्ट्रॉन सूक्ष्मदर्शकाखाली तपासत होते. वितळलेला मिश्रधातू वेगाने फिरणाऱ्या चाकावर सोडून तो क्षणार्धात गोठविलेला होता. विवर्तनचित्रात मध्यबिंदूभोवती दहा-दहा तेजस्वी ठिपक्यांची वर्तुळे उमटली. ठिपके रेखीव होते, अर्थात अणूंच्या मांडणीत शिस्त होती. परंतु ते दहा होते, अर्थात ती शिस्त पुनरावृत्तीची असणे शक्य नव्हते. शेख्टमन यांनी आपल्या वहीत ‘दहापदरी’ अशा अर्थाचे शब्द लिहून त्यांपुढे तीन प्रश्नचिन्हे काढली.

पुढे जे घडले ते विज्ञानाला फारसे भूषणावह नाही. शेख्टमन यांना त्यांच्या संशोधनगटातून बाहेर पडावयास सांगण्यात आले. त्यांचा शोधनिबंध तीन सहकाऱ्यांच्या नावांसह नोव्हेंबर १९८४ मध्ये प्रसिद्ध झाला. त्याच वर्षी लेव्हिन व स्टाइनहार्ट यांनी अशा पदार्थांना ‘क्वाझिक्रिस्टल’ हे नाव दिले. आपण त्यांना ‘स्फटिककल्प’ म्हणू. दोन नोबेल पारितोषिकांचे मानकरी लायनस पॉलिंग यांचे मत मात्र असे होते, की एकमेकांत गुंतलेल्या साध्या स्फटिकांमुळेच हा भास होतो. आक्षेप अवाजवी नव्हता, कारण स्फटिकांच्या जोडगोळ्या असे फसवे ठिपके खरोखरच निर्माण करतात. १९८७ साली जपानमध्ये अॅल्युमिनियम, तांबे व लोह यांपासून टिकाऊ स्फटिककल्प तयार झाला, तेव्हा या आक्षेपाचा आधार डळमळला. पॉलिंग यांनी मात्र १९९४ साली मृत्यू येईपर्यंत आपले मत बदलले नाही.

आता पुनरावृत्तीवाचून शिस्त कशी संभवते, ते पाहू. यासाठी चौकटींचा कागद पुरेसा आहे. रेषा जेथे परस्परांना छेदतात तेथे ठिपके द्यावेत. त्यांतील एका ठिपक्यातून एक तिरकी रेषा काढावी व कागदाची एक चौकट त्या रेषेवरून सरकवीत नेल्यास जेवढा पट्टा व्यापला जाईल तेवढा आखावा. पट्ट्यातील प्रत्येक ठिपक्यापासून रेषेवर लंब टाकावा. लंबांच्या पायांमध्ये दोनच प्रकारची अंतरे मिळतील, एक लांब व एक आखूड. तीन घरे आडवे गेल्यावर दोन घरे वर चढेल अशी रेषा असेल, तर लांब-आखुडांचा क्रम ठरावीक अंतराने पुन्हा येतो. पण एक घर चढण्यास सुमारे १.६१८ घरे आडवे जावे लागेल असा सुवर्णप्रमाणाचा उतार घेतला, तर लांब, आखूड, लांब, लांब, आखूड असा चालणारा क्रम कितीही दूर गेले तरी पहिल्यापासून पुन्हा सुरू होत नाही. (हेच प्रमाण आपल्या छंदःशास्त्रातही दडलेले आहे. लघू-गुरूंनी मात्रा भरण्याचे प्रकार मोजताना हेमचंद्राने बाराव्या शतकात सांगितलेल्या १, २, ३, ५, ८, १३ या संख्यांची गुणोत्तरे त्याच्याच जवळजवळ जातात.) रेषेवर राहणाऱ्या मुंगीला हा क्रम बेशिस्त वाटेल. कागद पाहणाऱ्याला मात्र त्यातील नियम स्पष्ट दिसतो.

स्फटिककल्पाचा प्रकार असाच आहे. रॉजर पेनरोज यांनी १९७४ साली दोन आकारांच्या फरश्यांची कधीही पुनरावृत्त न होणारी जी रचना शोधली होती, ती पाच मितींच्या नियमित जाळीचा छेद आहे, हे डच गणिती द ब्रॉइन यांनी १९८१ साली दाखविले. शेख्टमन यांच्या मिश्रधातूस सहा मिती लागतात. मिठाच्या विवर्तनचित्रातील ठिपक्याचा पत्ता तीन पूर्णांकांनी सांगता येतो, तर या धातूतील ठिपक्याला सहा पूर्णांक लागतात. वीस त्रिकोणी पृष्ठांच्या घनाकृतीला पाचपदरी संमितीचे सहा अक्ष असतात, त्यांचेच हे सहा अंक. वाचकांनी सहाव्या मितीला एखादा गूढ लोक समजू नये. धातूचा तुकडा आपल्याच तीन मितींत, टेबलावर पडलेला असतो. नियम लिहिण्यास मात्र सहा रकाने लागतात, एवढेच.

या प्रकरणात भारताचाही वाटा आहे. बनारस हिंदू विद्यापीठातील शास्त्री व सूर्यनारायण यांनी बेल्जियममधील सहकाऱ्यांसह १९७८ सालीच अॅल्युमिनियम-पॅलेडियममधील एका विलक्षण अवस्थेची विवर्तनचित्रे प्रसिद्ध केली होती. त्यांचा अर्थ तेव्हा जुन्या चौकटीतच लावला गेला. १९८५ मध्ये बंगळुरूच्या भारतीय विज्ञान संस्थेत चट्टोपाध्याय, रंगनाथन व त्यांचे सहकारी यांना दशकोनी स्फटिककल्प सापडला. याची रचना एका दिशेने पुनरावृत्त होते व उरलेल्या दोन दिशांनी होत नाही, म्हणून त्यास पाच अंक पुरतात.

१९९२ साली आंतरराष्ट्रीय स्फटिकविज्ञान संघाने स्फटिकाची व्याख्या बदलली. रेखीव विवर्तनचित्र देतो तो स्फटिक, असे ठरले आणि ‘पुनरावृत्ती’ हा शब्द गळला. शेख्टमन यांना २०११ साली रसायनशास्त्राचे नोबेल पारितोषिक मिळाले. २००९ मध्ये फ्लॉरेन्सच्या संग्रहालयातील एका दगडात लुका बिंदी यांना निसर्गनिर्मित स्फटिककल्पाचे कण आढळले होते. तो दगड रशियाच्या अतिपूर्वेकडील कोर्याक पर्वतातून आलेला होता. २०११ साली तेथे गेलेल्या मोहिमेने आणखी नमुने आणले व ते एका उल्केचे अंश असल्याचे निष्पन्न झाले.