वॉल्टनचा हेपवर्थ

१९१२च्या फेब्रुवारीत दादासाहेब फाळके विम्याची पॉलिसी गहाण टाकून सिनेमा शिकायला लंडनला पोहोचले. ‘बायस्कोप’ साप्ताहिकाचे संपादक कॅबर्न यांनी आधी त्यांना परावृत्त करून पाहिलं. पाहुणा ऐकेना, तेव्हा त्यांनीच फाळक्यांची गाठ टेम्सकाठच्या वॉल्टन गावी स्टुडिओ थाटलेल्या सेसिल हेपवर्थशी घालून दिली. त्यानं परक्या मुलखातल्या या माणसाला स्टुडिओ मोकळ्या मनानं हिंडून दाखवला.

काय विलक्षण माणूस हा हेपवर्थ! वडील जादूच्या कंदिलाचे खेळ दाखवत व्याख्यानं देत. सिनेमा जेमतेम रांगत होता, तेव्हा १८९७ मध्ये त्यानं सिनेमाच्या तंत्रावर पुस्तक लिहिलं. फिल्म धुण्याचं यंत्र बनवलं. १९०३च्या ‘ॲलिस इन वंडरलँड’मध्ये बायकोला राणी केलं आणि स्वतः बेडूक झाला.

पण खरं नवल १९०५च्या ‘रेस्क्यूड बाय रोव्हर’चं. पळवलेल्या बाळाचा माग काढणारं कुत्रं, एवढीच गोष्ट. ती लिहिली बायकोनं, बाळ घरचं, कुत्रं घरचं, बाप स्वतः हेपवर्थ. दिग्दर्शन ल्युइन फिट्झहॅमनचं. खर्च आठ पौंडांच्याही आत! प्रत काढताना मूळ निगेटिव्ह कोऱ्या फिल्मला भिडवून यंत्रातून सरकवावी लागे, आणि दर खेपेला तिच्यावर ओरखडे उठत. मागणी इतकी आली की निगेटिव्ह झिजून गेली. मग काय, अख्खा चित्रपट पुन्हा चित्रित केला. ती निगेटिव्हही झिजली, म्हणून तिसऱ्यांदा!

फाळक्यांनी लंडनहून विल्यमसन कॅमेरा आणला. तो बनवणारा जेम्स विल्यमसनही मुळात औषधविक्रेता आणि मग चित्रपटकार. इकडे दादरलाही घरच कामाला लागलं. विकत मिळणाऱ्या कोऱ्या फिल्मला कडेची भोकं नसत. पत्नी सरस्वतीबाई अंधारात बसून ती पाडत. मुलगा भालचंद्र रोहिदास झाला. १९१३ मध्ये ‘राजा हरिश्चंद्र’ पडद्यावर आला.

हेपवर्थचं दिवाळं १९२४ मध्ये निघालं आणि त्याच्या निगेटिव्ह वितळवल्या गेल्या. पोटासाठी तो पुढे जाहिराती आणि चित्रपटांचे ट्रेलर करत राहिला. १९५३ मध्ये वारला. ‘रोव्हर’ मात्र वाचला. प्रती एवढ्या निघाल्या होत्या, हेच त्याचं नशीब असावं. साडेसहा मिनिटांचा आहे. जरूर पाहा, आणि लगेच पाठोपाठ फाळक्यांच्या चित्रपटाचे उरलेले तुकडेही पाहा.