शिक्कामोर्तब

'त्या गोष्टीवर शिक्कामोर्तब झाले,' असे आपण सहज म्हणतो. गोष्ट कायमची ठरली, तीत आता पालट होणार नाही, असा त्याचा अर्थ. परंतु शिक्का कोणता आणि मोर्तब कोणते, हे तुम्हांला ठाऊक आहे काय?

राज्य कोणाचे, आज्ञा कोणाची, हे ओळखू यावे म्हणून राजे पूर्वीपासून चिन्हे बाळगीत आले. युरोपातील बोहेमियाच्या राजांनी तांबड्या ढालीवर दोन शेपट्यांचा रुपेरी सिंह मिरविला. आजच्या चेक प्रजासत्ताकाच्या राजचिन्हात तो सिंह आहे. आपला खानदेश ज्यांच्या राज्यात होता, त्या देवगिरीच्या यादवांच्या ध्वजावर सुवर्णगरुड असे.

कागदावर हेच काम मुद्रा, म्हणजे शिक्का, करी. शहाजीराजांची व जिजाऊंची मुद्रा त्या काळच्या रीतीप्रमाणे फारसीत होती. शिवाजी महाराजांची अष्टकोनी मुद्रा मात्र संस्कृतात कोरलेली होती. प्रतिपदेच्या चंद्रकोरीप्रमाणे वाढणारी, जगाला वंद्य असणारी ही मुद्रा लोककल्याणासाठी शोभते, असा तिचा आशय. पुण्याजवळील रांझे गावच्या पाटलाने बदअमल केला, तेव्हा महाराजांनी त्याला कठोर शिक्षा करून त्याची पाटिलकी काढून घेतली. इ. स. १६४६ मधील त्या पत्रावर ही मुद्रा आहे. मुद्रेतील वचन कृतीत उतरले, ते असे.

शिक्का पत्राच्या माथ्यावर उमटे. मजकूर संपला की त्याखाली लहानसे मोर्तब उठे. 'येथे मर्यादा झाली,' असे ते सांगे. मोर्तब नसते, तर एखाद्या लबाडाने खाली दोन ओळी वाढवून गरिबाचे शेत लाटले असते!

असे जुने कागद इतिहासाचार्य वि. का. राजवाडे यांनी गावोगाव हिंडून मिळविले. इ. स. १९२६ मध्ये धुळ्यास त्यांचे निधन झाले. त्यांच्या नावाचे संशोधन मंडळ धुळ्यात आहे. कागद अस्सल की बनावट, हे ठरविताना अभ्यासक त्यावरील शिक्काही पारखून पाहतात.

मुलांनो, उद्या तुम्हीही कागदांवर सही कराल. सहीपूर्वी मजकूर नीट वाचा आणि सहीनंतर दिलेला शब्द पाळा. तुमचे शिक्कामोर्तब ते हेच.